पिकदाणी आणि कुंपण

पनवेलच्या वेशीवर तळोज्याच्या औद्योगिक वसाहतीचा उग्र दर्प नाकाशी येताच १९४८च्या कारखाने अधिनियमाचे विसावे कलम आदरपूर्वक आठवते. कारण पिकदाणीबाहेर थुंकणाऱ्यास पाच रुपयांपर्यंत दंड फर्मावून त्या दूरदर्शी कलमाने कारखान्याच्या शुचितेचा काही भार, निदान कागदोपत्री, कामगाराच्या मुखावरच सोपविला होता. धोकादायक यंत्रांस कुंपण घालण्याची सक्ती एकविसाव्या कलमात, म्हणजे पिकदाणीच्या लगेच पाठोपाठ, यावी, यात थुंकीचा बंदोबस्त आधी आणि बोटांचा नंतर, असा सरकारी विवेक दिसतो, असे म्हणणारे कुत्सित लोक संस्कृतीचे मर्म जाणत नाहीत.

सप्टेंबर २०२५ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने कारखान्यांतील दैनिक कामाची मर्यादा नऊ तासांवरून बारा तासांवर नेण्यास मंजुरी देताना जादा कामासाठी कामगाराच्या लेखी संमतीची अट घातली, ही तर औदार्याची परिसीमाच म्हणावी लागेल. कारण कंत्राटदाराच्या हजेरीपटावर ज्याचे नाव उद्या राहील की नाही याची शाश्वती नाही, तो मनुष्य अशा संमतीपत्रावर किती मुक्त मनाने अंगठा उठवील, हे सुज्ञांस सांगणे न लगे.