न दिसणाऱ्या विमानांचे भाऊ

आंजीच्या (मोठी) स्टँडवर आर्वीच्या गाडीची वाट पाहत उभा असलेला माणूस भाऊंच्या तावडीतून सुटत नाही. डोक्यावरून विमान गेलं आणि कुणी "नागपूरले उतरते ते" म्हणालं, की भाऊ कीव आल्यासारखे हसतात.

"जे दिसलं ते सोड गा. त्याच्या मांगं होतं ते पाह्यलं काय?"

"मांगं तं काईच नव्हतं."

"तेच तं!"

भाऊंचं सारं शास्त्र या 'तेच तं'वर उभं आहे. पानठेल्यावर खर्रा घोटता घोटता ते पन्नीवर नखानं नकाशा काढतात. इकडे पुलगावचा दारूगोळ्याचा डेपो, तिकडे नागपूरला वायुदलाच्या मेंटेनन्स कमांडचं मुख्यालय. मधे रेघ ओढली की आंजी आलीच. नाही आली तर रेघ थोडी वाकते.

२ एप्रिल २०२२ला, ऐन गुढीपाडव्याच्या रात्री, विदर्भाच्या आभाळातून जळते गोळे सरकत गेले आणि सिंदेवाही तालुक्यात लाडबोरीला धातूचं भलंमोठं कडं येऊन पडलं. जाणकार म्हणाले, चिनी रॉकेटचे तुकडे. भाऊ म्हणाले, "इतक्या लवकर उत्तर भेटलं, म्हणजे आधीच तयार होतं."

गुप्त विमानांची कोडनावं त्यांना गोत्रासारखी पाठ. अमेरिकेचं 'हॅव ब्लू' १९७७ साली उडालं, त्यातून 'सीनियर ट्रेंड' म्हणजे एफ-११७ झालं आणि १९८८पर्यंत सरकारनं त्याचा पत्ता लागू दिला नाही. हे खरंच आहे. भाऊंची हीच पंचाईत: अधूनमधून ते खरं बोलतात. १९८५च्या अमेरिकी अर्थसंकल्पात 'अरोरा' हे नाव दिसलं. ते बॉम्बरच्या स्पर्धेसाठी ठेवलेल्या पैशाचं नाव होतं, असं लॉकहीडच्या बेन रिच यांनी पुढं लिहिलं. "मंग तो दुसरं काय लिहीन?" आपल्या डीआरडीओनं मात्र अशाच एका विमानाचं 'घातक' नाव ठेवून भाऊंचा हिरमोड केला. "असं नाव ठेवते काय कोणी? सनी देओलच्या पिक्चरचं!"

त्यांचा जीव खरा एफ-१९वर. अमेरिकेनं एफ-१८नंतर एकदम एफ-२० काढलं. मधला आकडा कुठं गेला? १९८६ साली एका कंपनीनं अंदाजपंचे एफ-१९चं प्लास्टिकचं मॉडेल काढलं आणि लोकांनी धडाधड विकत घेतलं. दोन वर्षांनी खरं विमान दाखवलं, तर ते भलतंच निघालं, आणि नंबरही भलताच. "म्हणजे एकोणीस अजून लपूनच हाय," भाऊंचा निष्कर्ष.

परवा ठेलेवाल्यानं उधारीची वही उघडली. पान अठरा, मग एकदम वीस. त्यानं भाऊंकडे पाहिलं. भाऊंनी आभाळाकडे.

"भाऊ, एकोणीसवर तुमचं खातं होतं ना?"

"हळू बोल बे," भाऊ म्हणाले, "लोकं आयकते."