वाड्यावरचा भला माणूस

कोरेगाव म्हटलं की बाहेरच्या माणसाला आधी भीमा आठवते. आमचं कोरेगाव साताऱ्याचं. तीळगंगेच्या काठचं, वाघ्या घेवड्याचं, पुणे-मिरज रेल्वेलाईनवरचं. या तालुक्यात यात्रेच्या दिवसांत कुठल्याही गावी जा, पालखी आणि कुस्त्यांबरोबर आणखी एक गोष्ट ठरलेली असायची : गावच्या पोरांनी बसवलेलं नाटक, आणि त्यातला खलनायक. अलीकडे ऑर्केस्ट्रानं नाटकाची रात्र पळवली, तरी खलनायक अजून टिकून आहेत. नाव काहीही असो, गाव त्यांना अण्णा म्हणतं. आपणही अण्णाच म्हणू.

नायक दर दोन वर्षांनी बदलतो. त्याचं लग्न ठरतं, तो चाकणला कंपनीत लागतो, नाहीतर त्याचं पोट सुटतं. खलनायक हयातभर एकच. पोट सुटलं तर तो उलट जास्तच शोभतो.

दिवसा अण्णा सोसायटीत सेक्रेटरी असतात. कुणाचं पीककर्ज थकलं तर स्वतःच ओशाळतात. यात्रेच्या वर्गणीचा हिशेब त्यांच्याकडे असतो, कारण चहाचे सात रुपयेसुद्धा ते वहीत लिहितात. असा माणूस रंगमंचावर गरिबाची जमीन हडपतो. याचं कारण साधं आहे. गावातल्या खऱ्या बेरक्याला खलनायकाचं काम सांगायची कुणाची छाती होत नाही, आणि सांगितलं तरी तो घेणार नाही. ज्यानं शेजाऱ्याचा बांध कोरला, भावाच्या विहिरीवर नाव चढवलं, तो नाटकाच्या रात्री नारळ फोडायला असतो. पुढच्या सोफ्यावर बसतो आणि सत्याचा विजय झाला की माईकवरून नायकाला पाचशे रुपयांचं बक्षीस पुकारायला लावतो.

अण्णांचं घराणं जुनं. सांगलीत १८४३ साली विष्णुदास भाव्यांनी ‘सीतास्वयंवर’ उभं केलं, तेव्हापासूनचं. त्या नाटकांतली राक्षसपार्टी ‘अललल डुर्र’ करत तलवारी नाचवत यायची. अण्णांचं तीन मजली हास्य थेट तिथून आलंय. पहिल्या मजल्यावर पोरं दचकतात, दुसऱ्यावर कुत्री भुंकतात, तिसऱ्यावर अण्णांना ठसका लागतो.

मग मराठी पडद्यावर निळू फुले आले आणि घराण्याची गायकीच बदलली. पुण्यात लष्करी वैद्यकीय महाविद्यालयाच्या बागेत माळीकाम केलेला, सेवादलाच्या कलापथकात तयार झालेला हा माणूस १९६८च्या ‘एक गाव बारा भानगडी’त झेलेअण्णा होऊन आला, आणि गावोगावच्या अण्णांना गुरू मिळाला. त्यांनी ती तिरकी नजर उचलली, धोतराचा सोगा उचलला. नकलाकारांनी घासून गुळगुळीत केलेलं ‘बाई, वाड्यावर या’ तर नाटकात वाडा नसला तरी घालतात. आवाज मात्र राहून गेला. १९७५ साली बर्लिनच्या महोत्सवात गेलेल्या ‘सामना’तला हिंदुराव धोंडे-पाटील आठवा : मास्तरला घरी आणतो, पाहुणचार करतो, आणि त्या पाहुणचाराचीच भीती वाटते. विलायतेत ख्रिस्तोफर ली आणि अ‍ॅलन रिकमन यांनीही आरडाओरडा न करताच माणसं गारठवली. पण त्यांना माईकची अडचण नव्हती. इथं माईक एकच, तोही नायिकेच्या डोक्यावर टांगलेला. हळू बोलले तर अण्णांचा डाव तिसऱ्या रांगेलाही कळायचा नाही.

नायिका बाहेरून आणलेली. संध्याकाळच्या एस.टी.नं उतरते, एकदा संवाद वाचते आणि उभी राहते. पडद्याआड अण्णा तिच्यासमोर हात जोडतात. “ताई, तिसऱ्या अंकात मनगट धरायचंय. जोरात न्हाई धरत. बांगडी फुटली तर भरून देईन.” ती बिचारी शंभर खलनायक बघितलेली. “धरा हो दादा, बिनधास्त धरा, नाहीतर सीन पडतो,” म्हणते. प्रवेशात अण्णा मनगट धरतात ते डॉक्टरनं नाडी बघावी तसं. तरीही बायकांच्या बाजूनं आवाज येतो, “मुडदा बशिवला तुजा!” आणि एक चप्पल फूटलाइटजवळ येऊन पडते. अण्णांचा चेहरा फुलतो. खेडोपाडच्या बायका निळूभाऊंनाही खरोखरच शिव्या घालायच्या, आणि ते त्याला कामाची पावती मानायचे, हे अण्णांना पाठ आहे. निळूभाऊंना १९९१ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. अण्णांना चप्पल मिळते, तीही डाव्या पायाची. नाटक संपल्यावर ते ती ज्या म्हातारीची त्या म्हातारीला नेऊन देतात.

दुसऱ्या दिवशी डेअरीवर सुना पदर सावरून बाजूला होतात. घरी बायको बोलत नाही. तिचा राग मनगटावर नसून घरची नवी शाल नाटकात नेऊन तंबाखूनं डागाळल्यावर आहे. खरी गोची पोरीच्या लग्नात झाली. पाहुणे आले, पोहे झाले, पसंती झाली, आणि उठताना मुलाची आजी थबकली. “ह्यो त्योच की! रहिमतपूरला त्या पोरीचं शेत लिहून घेतलंस तू!” पसंती पंधरा दिवस अडकली. शेवटी तिकडच्या सोसायटीच्या चेअरमननं अण्णांच्या हिशेबाची ग्वाही दिली, तेव्हा कुंकू लागलं. जावई आता दरवर्षी नाटकाला येतो आणि सासऱ्याला घाबरून असतो. अण्णांनी त्याचा गैरसमज अजून दूर केलेला नाही.

निळूभाऊ १३ जुलै २००९ला गेले. तेव्हा वर्तमानपत्रांनी त्यांच्या सेवादलाबद्दल, डॉ. लागूंबरोबरच्या सामाजिक कृतज्ञता निधीच्या कामाबद्दल लिहिलं, आणि कैक वाचकांना धक्का बसला : हा माणूस असा होता? आमच्या अण्णांच्या बाबतीत गावानं तेवढं थांबू नये. पुढच्या यात्रेत पडदा पडल्यावर मेकअप पुसत ते चहाच्या टपरीवर एकटेच उभे असतील. शिव्या भरपूर घाला, त्यांना त्या हव्याच असतात. पण चहाचे पैसे तुम्ही द्या, नाहीतर ते सगळ्यांचे देतील आणि वहीत स्वतःच्या नावावर लिहितील.