शेंडेफळ

सदाशिव पेठेतल्या घरात धाकटा मुलगा जन्माला येतो तेव्हा त्याचं आयुष्य आधीच एकदा वापरून झालेलं असतं. दादाचा स्वेटर, दादाची सायकल, दादाने पेन्सिलीने खुणा केलेली गाइडं आणि पुढे दादाचंच इंजिनिअरिंग. स्वेटर त्याने मुकाट घातला. इंजिनिअरिंग मात्र टोचायला लागलं, तेही तिसऱ्या वर्षाची फी भरून झाल्यावर.

बाबांचं निदान पक्कं आहे. १९६३ साली पुरुषोत्तम करंडक सुरू झाला आणि चांगल्या घरातली पोरं भरत नाट्य मंदिराच्या विंगेत बिघडायला लागली. धाकट्याने तिथे हवालदाराचं काम केलं होतं. वाक्यं दोन. पण तेवढ्यावर दाढी वाढली, झब्बा आला आणि जेवताना ‘चौकट मोडायची’ हे सुरू झालं. हे बंड साधारण दुसऱ्या पोळीला पेटतं आणि ताकभाताला विझतं.

आत्याने स्थळ आणलं तेव्हा त्याने थेट समर्थ रामदासांचा दाखला दिला. तेही धाकटेच, जांबच्या घरी संसाराला थोरले गंगाधरपंत होते, आणि ‘सावधान’ कानावर पडताच हे बोहल्यावरून पसार! आईने पोळी लाटता लाटता सगळं ऐकून घेतलं. “पुढे टाकळीला त्यांनी बारा वर्षं पहाटेपासून नदीत उभं राहून जप केला म्हणतात. तू साडेदहाला उठतोस. आधी अंघोळ कर.”

दादा डॅलसला. रविवारी व्हिडिओ कॉलवर तो ‘जरा सिरियस हो’ असं बजावतो, तेव्हा आईबाबांसमोर फोन धरून धाकटाच उभा असतो. सिलिंडर, आजीची बँक, बाबांच्या डोळ्यांतले थेंब, सगळं या बेजबाबदार माणसाच्या गळ्यात. तो मार्गाला लागला तर घराचीच पंचाईत व्हायची, पण हे बोलून कोण दाखवणार?

परवा मामा त्याला चार गोष्टी सुनावायला आले. ‘स्थैर्य’पर्यंत पोचले आणि त्यांना आठवलं, नोव्हेंबर संपत आला, पेन्शनसाठी हयातीचा दाखला राहिलाय, आणि मोबाइलवरचं ॲप त्यांचा चेहराच मानत नाही. धाकट्याने त्यांना खिडकीशी बसवलं.

“मामा, उजेडाकडे तोंड. हनुवटी खाली. आता पापण्या मिटा, उघडा. अहो, अभिनय नको! नुसत्या पापण्या!”

चौथ्या टेकला मामा हयात ठरले.