धुराचं गोत्र

टेक्सासात परसातल्या धुरभट्टीत मांस ठेवण्याआधी लाकडाची पत्रिका बघतात. मध्य टेक्सासच्या ब्रिस्केटला, म्हणजे गाईच्या छातीच्या मांसाला, पोस्ट ओकच हवा. तिकडे टेनेसीवाला हिकरीखेरीज दुसऱ्या धुराला धूरच मानत नाही. सफरचंदाचं लाकूड सौम्य, म्हणून डुकराच्या मांसाला आणि नवशिक्यांना. वर मिरपुडीचा जाड थर असतोच. त्याखालून झाडाची जात ओळखणारी जीभ मला अजून भेटायची आहे.

खरी गंमत मेस्किटची. आपल्या माळावरच्या वेड्या बाभळीची ही जवळची नातलग. तिकडचे गुरंपाळ ती उपटून टाकायला पैसे मोजतात, आणि शहरातली मंडळी तिचेच तुकडे पिशवीतून विकत आणतात. आणून पाण्यात भिजवतात, म्हणजे आधी नुसती वाफ आणि धूर उशिरा!

खरं तर लाकूड नीट वाळलेलं हवं, आगीला हवा हवी, धूर पातळ आणि निळसर हवा. दाट पांढरा धूर कोंडला की ओक काय, हिकरी काय, सगळं कडूच. पण त्यासाठी भट्टीची झडप सांभाळत तासन्‌तास बसावं लागतं, आणि तसली चिकाटी पिशवीत भरून कोणी विकत नाही.