धणे-जायफळाची बियर

कढीपत्ताच हवाय ना? मग फांदीच ओढा की तुमच्याकडे, कुंपणावरून हात पोचतो. आणि कुकर लावला नसेल तर थांबा जरा. कोपऱ्यावरच्या काकूंनी सांगितलं असेलच तुम्हाला. नाही? कमाल आहे. गल्लीभर सांगत सुटल्यात, “हे दोघं जपानला जाऊन दारू पीत हिंडले.” हिंडलो, खोटं कशाला बोलू! पण अर्धवट ऐकण्यापेक्षा माझ्याच तोंडून ऐका.

धाकटीकडे टोकियोला गेलो होतो, हे तुम्हाला माहीत आहेच. ती राहते निशी-कासाईला. तिथे आपली माणसं इतकी, की ते योगेंद्र पुराणिक २०१९ साली त्या एदोगावा वॉर्डातून निवडून आले, मराठी माणूस! तर जावई म्हणाला, ओसाकाला जाऊन या, बुलेट ट्रेनने अडीच तास. तिथे संध्याकाळची एक टूर बुक केलीय तुमच्यासाठी, गाईडबरोबर. खाणं आणि क्राफ्ट बियर. मी ह्यांच्याकडे बघितलं, हे छताकडे बघायला लागले. दोघांचं मिळूनच ठरलं होतं, दुसरं काय!

माणशी बारा हजार येन. अर्धे करा, रुपयांचा अंदाज येईल. मी म्हटलं, एवढ्या पैशात नाशिकच्या कुठल्याही वाइनरीत अख्खं गोत जेवून येईल. पण खरं सांगते, ते पैसे बियरचे नव्हतेच. ते कशाचे होते ते ऐका.

ओसाकात तेन्मा म्हणून भाग आहे. तिथे ती तेनजिनबाशी-सुजी नावाची, छत असलेली बाजाराची गल्ली, दोन किलोमीटर सहाशे मीटर लांब. त्या गल्लीला फुटलेल्या बोळांमध्ये दुकानं अशी, की आत आठ माणसं मावली म्हणजे गर्दी. खुर्च्या नाहीत, उभ्यानेच प्यायचं, पिशव्या फळीखालच्या हुकाला. दाराला कापडी पडदा. आत काय मिळतं, ते भिंतीवर कागदाच्या पट्ट्यांवर हाताने लिहिलेलं, सगळं जपानीत. इंग्रजी नाही, चित्रं नाहीत. आता सांगा, तुम्ही-आम्ही दोघी तो पडदा सारून आत शिरलो असतो का? बाहेरच घुटमळून स्टेशनावर सँडविच खाल्लं असतं.

आमची गाईड पन्नाशीची, बॉबकट, पायात कॅनव्हासचे बूट, आणि चालायची अशी की माझी दमछाक. पूर्वी तिकडे पैसे घेऊन परदेशी पाहुण्यांना हिंडवायचं तर सरकारी परीक्षा पास व्हावी लागे, भाषा, इतिहास, भूगोल सगळं. १९४९ पासूनचा कायदा. २०१८ च्या जानेवारीत ती सक्ती गेली. आता कुणीही गाईड होतं. ही जुन्या परीक्षेतून आलेली. नव्या पोरांबद्दलचं तिचं मत तिने हसत हसत सांगितलं, पण सांगितलं हं! मला तिथेच ती आवडली. म्हटलं, ही आपल्यातली आहे.

आणि बाई गं, काय एकेक बातमी तिच्याकडे! कोणत्या ब्रुअरीत बाप काय म्हणाला, मुलीने काय केलं, पैसा कुठून आला. पहिल्या दुकानात तिने आमच्यापुढे मिनो बियरचे छोटे ग्लास ठेवले. मिनो म्हणजे ओसाकाच्या उत्तरेला डोंगराच्या पायथ्याचं गाव. तिथल्या एका माणसाचं दारूचं दुकान होतं. १९९७ मध्ये त्याने स्वतःची ब्रुअरी काढली आणि कारभार दिला कुणाच्या हातात? मुलीच्या! काओरी ओशिता तिचं नाव, तेव्हा जेमतेम विशीतली. पुढे बहीणही आली. पोरींनी बियर अशी जमवली की त्यांच्या स्टाउटला जगभरच्या स्पर्धांत बक्षिसं. मी विचारलं, लोक बोलले नसतील का? गाईड म्हणाली, बोलणारे बोलले, मग तेच रांगेत उभे राहिले. आपल्याकडे मुलीच्या नावावर दुकानाची पाटी लावायची तर सात-बारापर्यंत चर्चा होते!

प्यायले का म्हणजे? चाखली. युझू नावाचं त्यांचं लिंबू असतं, ते घातलेली. अर्धा ग्लास. बरं, पाऊण. ह्यांना सांगू नका मी तुम्हाला सांगितलं ते.

पण मुळात हे छोटे लोक आले कुठून, हे मला तिथेच कळलं. जपानात बियरचं लायसन्स हवं तर वर्षाला कमीत कमी वीस लाख लिटर बनवायची, असा नियम होता. वीस लाख लिटर! म्हणजे असाही, किरिन, साप्पोरो, सनटोरी असली धेंडंच फक्त. १९९४ मध्ये ती अट साठ हजार लिटरवर आणली, आणि मग काय, धरण फुटलं. दुसऱ्याच वर्षी निइगाताकडे एचिगो नावाची पहिली छोटी ब्रुअरी सुरू झाली. मग ज्यांच्या घरात पिढ्यान्पिढ्या तांदळाची साके बनायची, तेही उतरले. साकेचा हंगाम थंडीचा, उन्हाळ्यात माणसं रिकामी. टोकियोच्या वरच्या अंगाला इबाराकीत किउची म्हणून घराणं आहे, १८२३ पासून साके बनवतात. त्यांनी १९९६ मध्ये बियर सुरू केली. बाटलीवर लाल घुबड. त्यांच्या पांढऱ्या बियरमध्ये काय घालतात ओळखा. धणे! धणे, संत्र्याची साल आणि जायफळ. मी ह्यांना म्हटलं, श्रीखंडाचं राहिलेलं जायफळ कुठे जातं ते आता कळलं.

आणि गंमत पुढेच. धणे घातले म्हणून ती कायद्याने बियरच नव्हती! २०१८ च्या एप्रिलपर्यंत नियम असा, की दोन तृतीयांश माल्ट पाहिजे आणि असला मसाला चालायचा नाही. कावागोएला कोएदो म्हणून एक ब्रुअरी आहे, ते रताळ्याची करतात, तिचीही तीच गत. मग २०१८ मध्ये माल्टची अट निम्म्यावर आणली आणि फळं, मसाले थोडे चालतील म्हणाले. म्हणजे वीस-बावीस वर्षं धण्यांची बियर विकल्यावर सरकारने मान्य केलं की ही बियर आहे.

कर! सगळं कराचं आहे हो वहिनी. दुसऱ्या दुकानात जाताना गाईड कोपऱ्यावरच्या कोन्बिनीत शिरली, कोन्बिनी म्हणजे तिथली चोवीस तास चालणारी दुकानं, आणि तीन डबे आणून कट्ट्यावर ठेवले. तिन्ही दिसायला बियर. एक खरी, दोन नुसती नावाला. जास्त माल्ट तर जास्त कर, म्हणून १९९४ मध्ये सनटोरीने माल्ट पासष्ट टक्क्यांवर आणून स्वस्तातली काढली. सरकारने १९९६ मध्ये तिच्यावर कर वाढवला. कंपन्यांनी माल्ट पंचवीस टक्क्यांच्याही खाली नेलं. सरकारने परत वाढवला. मग साप्पोरोने २००४ मध्ये माल्ट सोडूनच दिलं आणि वाटाण्याच्या प्रथिनांची काढली. वाटाण्याची! शेरास सव्वाशेर म्हणतात ते हेच. हे तर इतके खूश झाले की इन्कम टॅक्सवाल्या मित्राला तिथूनच फोन लावायला निघाले होते. चव? खरं सांगू, वाटाण्याचीच जरा पचपचीत लागली. आणि ते छोटे ब्रुअरीवाले बिचारे भरपूर माल्ट घालतात, कमी माल्टची सवलत त्यांना नाही, त्यातून त्यांचा मोठा ग्लास हजार येनच्या वर जातो.

छे हो, नुसत्या बियरवर कोण राहील! खाण्याचं सांगतेच. तुम्ही शाकाहारी, तुम्हाला जड जाईल हे आधीच सांगते. भाजीतही मासा असतो. म्हणजे मासा दिसत नाही, पण त्यांचं ते दाशी, जे पाणी सगळ्यात घालतात, ते बहुतेक वेळा सुकवलेल्या बोनितो माशाचं. आणि त्याच माशाचा कीस. आमच्यासमोर गरम ओकोनोमियाकी आली, कोबीचं जाड धिरडं म्हणा ना, आणि वर हा कीस भुरभुरवला. वाफेने तो कीस हलायला लागला हो! कागदाहून पातळ, गुलाबी-तपकिरी, वळवळतोय, मान टाकतोय, परत उठतोय. आमच्या घोळक्यात एक गुजराती जोडपं होतं, ती बाई उठून बाहेरच गेली. गाईडने लगेच तव्यावरच्या माणसाला काहीतरी सांगितलं, आणि त्यांची बिनमाशाची वेगळी आली. तिने दुपारीच दुकानात फोन करून ठेवला होता म्हणे. ह्याचे असतात पैसे.

शिन्सेकाईला नेलं तेव्हा मात्र तिने आडपडदा ठेवला नाही. तिथे त्सुतेनकाकू नावाचा मनोरा आहे, त्याच्या पायथ्याशी कुशिकात्सूची दुकानं. काडीला टोचून तळलेले तुकडे. कमळकाकडी, कांदा, शतावरीचे कोंब, काय हवं ते. मी म्हटलं, वा, भाजी! ती म्हणाली, भाजी आहे, पण तेल तेच, आणि खूप ठिकाणी ते गाईच्या चरबीचं. गुजराती जोडप्याने मिठातल्या एदामामेच्या शेंगा मागवल्या आणि शेवटपर्यंत शेंगाच सोलत बसले. मला तिचा तो स्पष्टपणा आवडला. दुसऱ्या कुणी गप्प बसून खाऊ घातलं असतं.

त्या दुकानांत सॉसचा एक स्टीलचा डबा असायचा, सगळ्यांचा मिळून. काडी एकदाच बुडवायची. उष्टी परत बुडवली तर मालक ओरडणार. भिंतीवर पाटीच असते. सॉस कमी पडला तर कच्च्या कोबीचं पान फुकट मिळतं, त्याने डब्यातला सॉस उचलायचा आणि काडीवर ओतायचा. सोवळ्या-ओवळ्याचं मला कोण शिकवणार, पण कोबीच्या पानाची पळी मलाही सुचली नसती. करोनानंतर पुष्कळ ठिकाणी डबा जाऊन पिळायच्या बाटल्या आल्या, तरी पाट्या तशाच.

अहो, एक चिडचिड सांगायचीच राहिली. टूरच्या आदल्या रात्री आम्ही दोघंच एका ठिकाणी गेलो होतो. बसल्याबरोबर न मागता एक चिमुकली वाटी, आत तीन तुकडे कसलेतरी, लोणच्यागत. आणि बिलात माणशी चारशे येन! मी म्हटलं, आम्ही मागितलंच नव्हतं. तो हसतोय, मान लववतोय, पैसे मात्र कमी करत नाही. दुसऱ्या दिवशी गाईडकडे गाऱ्हाणं नेलं. ती म्हणाली, ते बसण्याचे पैसे, पुष्कळ ठिकाणी असतात, वाटी हे निमित्त. आणि त्याच्या बदल्यात टिप द्यायची नाही कुणाला, कधीच. मी तिला शेवटी पाकीट द्यायला गेले तर दोन्ही हात मागे! मग मी पर्समधली बदाम-चिक्की दिली. ती घेतली.

आणि बघा, आपला ग्लास आपण भरायचा नाही. शेजाऱ्याचा आपण भरायचा, आपला शेजाऱ्याने. ह्यांनी दोनदा स्वतःचाच भरला, दोनदा गाईडने हळूच बाटली काढून घेतली. फेस पण कसा, तीन भाग फेस, सात भाग बियर. आपल्याकडे एवढा फेस दिला तर माणूस भांडतो.

गाडी? छे! सगळं पायी नाहीतर रेल्वेने. तिथे कुणी पिऊन गाडी चालवताना सापडला तर त्याच्याबरोबर शेजारी बसणाराही अडकतो, गाडी देणारा आणि दारू पाजणारासुद्धा. आणि वीस वर्षांखाली थेंबही नाही. मतदानाचं वय अठरा झालं, सज्ञान व्हायचं वय २०२२ मध्ये अठरा झालं, दारूचं मात्र वीसच ठेवलं. घोळक्यात एक एकोणीस वर्षांचा मुलगा होता आईबापाबरोबर, सबंध संध्याकाळ लिंबाचा सोडा पीत बसला, तोंड एवढंसं करून.

दुसऱ्या दिवशी मीच हट्ट धरला, त्या मुलींच्या गावाला, मिनोला जायचं. ओसाकातल्या उमेदाहून हांक्यू रेल्वे, अर्ध्या तासाचं काम. स्टेशनातून ओढ्याकाठाने चालत गेलं की तेहतीस मीटरचा धबधबा. आणि वाटेवर म्हाताऱ्या बायका मेपलची पानं तळत बसलेल्या! खरीखुरी पानं. वर्षभर मिठात मुरवतात, मग कणीक, साखर आणि तीळ लावून तळतात. आपली ओव्याच्या पानाची भजी, पण गोड आणि कडक. पिठाचा कुरकुरीतपणाच जास्त, पान म्हणाल तर आत नुसतं आकाराला. पण बियरबरोबर, हे म्हणतात, लाजवाब. हे सगळ्याबरोबरच लाजवाब म्हणत होते तिथे.

आता घरी रोज एकच टकळी. जपान सरकारने कायदा केलाय ना, ऑक्टोबर २०२६ पासून खरी बियर, माल्ट कमी केलेली, वाटाण्याची, सगळ्यांना एकच कर. साडेतीनशे मिलीलिटरच्या डब्याला त्रेसष्ट येन पस्तीस सेन होते, ते चौपन्न पंचवीस होणार. म्हणजे खरी बियर नऊ येनने स्वस्त. हे कालपासून कॅलेंडर घेऊन बसलेत, तेव्हाच परत जाऊ म्हणतात. मी विचारलं, डब्यामागे पाच रुपये वाचवायला दोन विमानाची तिकिटं काढायची? तर म्हणतात कसे, जास्त डबे प्यायले की वसूल होईल.