लेकरांना कुलूप, कंपन्यांना मोकळं रान

चंद्रपूर जिल्ह्यातल्या घुग्घुसचा एक बाप नवा टॅब घेऊन मोबाइलच्या दुकानात जातो आणि म्हणतो, "भाऊ, पोट्ट्यासाठी दोन-चार गेम टाकून द्या न." दुकानदार चहा येईपर्यंत टाकून देतो. दोन महिन्यांनी त्याच बापाची तक्रार सुरू होते, "पोट्टं वाया गेलं. टॅबमधून डोकंच वर काढत नाही." मधल्या दोन महिन्यांत टॅबमध्ये काय शिरलं, कुठल्या वाटेनं शिरलं आणि पोरगं त्यात का अडकलं, हे कुणी विचारत नाही. शिव्या पोराला बसतात. या प्रकरणात जाब देणं लागणारी बरीच मोठी माणसं आहेत. पोराचा नंबर सगळ्यात शेवटी लागतो.

पहिला जाब सरकारला. नागपूरची महाज्योती ही सरकारी संस्था इतर मागासवर्गीय, भटक्या-विमुक्त आणि विशेष मागास प्रवर्गातल्या मुलांना जेईई, नीट, सीईटीच्या तयारीसाठी मोफत टॅब देते, सोबत रोजचा 6 जीबी डेटा. योजना चांगली आहे. चंद्रपूरला जाऊन-येऊन क्लास करणं ज्या घराला परवडत नाही, त्या घरात शिकवणी येते. पण सोळा वर्षांच्या मुलाच्या हातात टॅब आणि रोजचा 6 जीबी डेटा आला, की तो गेम टाकणारच. हे धरूनच टॅब दिला पाहिजे आणि देताना मुलाशी, त्याच्या आईबापाशी त्याबद्दल मोकळेपणानं बोललं पाहिजे. सरकारं बोलत नाहीत. त्यांचा भरवसा कुलपावर असतो.

त्या कुलपाचं काय होतं ते जगानं पाहिलंय. 2013 साली लॉस एंजेलिसच्या सरकारी शाळांनी मुलांना आयपॅड वाटले आणि त्यावर बंधनं घातली. आठवडाभरात सुमारे 300 मुलांनी ती उडवून लावली. शाळेनं टाकलेली नोंद सेटिंगमध्ये जाऊन पुसायची, एवढंच त्यांनी केलं. हरियाणा सरकारनं मे 2022 मध्ये दहावी ते बारावीच्या मुलांना टॅब द्यायला सुरुवात केली. त्यातही दुरून ताबा ठेवणारं सॉफ्टवेअर होतं आणि तेही मुलांनी काढून टाकल्याच्या तक्रारी आल्या. 'वन लॅपटॉप पर चाइल्ड' या संस्थेच्या निकोलस नेग्रोपॉन्टे यांनी 2012 मध्ये इथिओपियातल्या दोन खेड्यांचा अनुभव सांगितला. तिथल्या मुलांनी त्याआधी छापील अक्षरही पाहिलं नव्हतं. त्यांना खोक्यात बंद टॅब दिले, शिकवायला कुणी नाही. बंद करून ठेवलेला कॅमेरा त्यांनी काही महिन्यांत चालू करून दाखवला.

कुलूप एक पोरगं तोडतं आणि बाकीची ते वर्गात शिकतात. त्याहून वाईट गोष्ट पुढे होते. कुलूप तोडलेलं पोरगं त्या दिवसापासून घरच्यांपासून टॅब लपवू लागतं. पुढे गेममध्ये कुणी त्याला फसवलं, धमकावलं, पैसे मागितले, तर ते आईबापाकडे जात नाही, कारण ते आधीच गुन्हेगार ठरलेलं असतं. कुलूप गेम अडवत नाही, मदतीची वाट मात्र नक्की अडवतं.

दुसरा जाब आईबापाला. टॅब सुरू करताना खातं लागतं, म्हणून बाप आपलंच जीमेल टाकून देतो. त्या क्षणापासून प्ले स्टोअरच्या लेखी टॅबसमोर चाळीस वर्षांचा माणूस बसलेला असतो. त्याला मोठ्यांचे गेम दिसतात, मोठ्यांच्या जाहिराती दिसतात आणि त्या खात्याला पैसे भरायची सोय जोडलेली असेल तर तीही पोराच्या बोटाखाली येते. किराणा दुकानात बिस्किटाचा पुडा उलटून तारीख वाचणारी आई गेमवरचा वयाचा आकडा वाचत नाही. प्ले स्टोअरवर प्रत्येक गेमला 3+, 7+, 12+, 16+, 18+ असा आकडा असतो. गेममध्ये जाहिराती आहेत का, आत पैसे मागतात का, हेही बारीक अक्षरांत लिहिलेलं असतं. पोराचं खरं वय घालून त्याचं वेगळं खातं काढा. गूगलचं फॅमिली लिंक फुकट आहे. ते लावलं की नवा गेम टाकण्याआधी परवानगी तुमच्या मोबाइलवर मागितली जाते. प्रत्येक खरेदीला पासवर्ड लागेल अशी सेटिंग करा. यातल्या कशालाच इंजिनिअर लागत नाही. लागतो तो एका संध्याकाळचा वेळ, आणि तो पोराला शेजारी बसवून द्यायचा. त्याच्या पाठीमागे केलेली सेटिंग म्हणजे पुन्हा कुलूपच.

तिसरा जाब गेम 'भरून' देणाऱ्यांना. पबजी मोबाइलवर सप्टेंबर 2020 मध्ये केंद्र सरकारनं बंदी घातली, गरेना फ्री फायरवर फेब्रुवारी 2022 मध्ये. बंदी आल्यावर गेमची फाइल व्हॉट्सअ‍ॅपवरून, टेलिग्रामवरून, पेन ड्राइव्हवरून फिरायला लागली. असली फाइल टाकताना टॅब विचारतो, अनोळखी ठिकाणाहून आलेलं अ‍ॅप घ्यायचं का? तो एक इशारा असतो. दुकानदार तो 'हो' दाबून पार करतो आणि परवानगी कायमची उघडी सोडतो. गेममधले 'अमर्याद हिरे' देणारी फोडलेली फाइल असेल तर ती कुणी फोडली आणि आत काय घातलं, हे कुणालाच माहीत नसतं. लुडोसारखा गेम एसएमएस वाचायची परवानगी मागत असेल, तर त्याला तुमचा ओटीपी वाचता येतो. असा गेम त्याच मिनिटाला काढून टाकायचा. दुकानदार भाऊंनो, गिऱ्हाईक म्हणालं म्हणून लेकराच्या टॅबमध्ये असली फाइल टाकू नका. बापाला कळत नाही, तुम्हाला कळतं. जबाबदारी कळणाऱ्याची असते.

चौथा जाब सगळ्यात मोठा, गेमच्या कंपन्यांना. त्यांचा गेम फुकट टाकता येतो, कारण कमाई नंतर करायची असते. आज नाही आलास तर बक्षीस जाईल, पाच मिनिटं थांब नाहीतर पैसे भर, हे खोकं उघड आणि नशीब बघ: हे सगळं पोराला धरून ठेवण्यासाठी पगारी माणसांनी बसून रचलेलं असतं. फोर्टनाइट बनवणाऱ्या एपिक गेम्सला अमेरिकेत डिसेंबर 2022 मध्ये 52 कोटी डॉलर भरायचं कबूल करावं लागलं, त्यातले 27.5 कोटी मुलांची माहिती गोळा केल्याबद्दल आणि 24.5 कोटी नकळत खरेदी करायला लावल्याबद्दल. मुलांनी आईबापाला न विचारता केलेल्या खरेदीपायी अ‍ॅपलला 2014 मध्ये किमान 3.25 कोटी डॉलर परत करणं मान्य करावं लागलं. या कंपन्यांसमोर बारा वर्षांच्या पोराला "तुझ्यात संयम नाही" म्हणून झापणं हा अन्याय आहे.

आपल्याकडे कायदा उशिरा जागा झाला. पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर बंदी घालणारा कायदा संसदेनं ऑगस्ट 2025 मध्ये मंजूर केला. असा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटीपर्यंत दंड होऊ शकतो. त्याच्या महिनाभर आधी राज्याच्या तेव्हाच्या कृषिमंत्र्यांच्या मोबाइलवर सभागृहात बसल्या बसल्या रमीचा गेम दिसला. आपण खेळत नव्हतो, आलेली जाहिरात बंद करत होतो, असं ते म्हणाले. त्यांचं कृषी खातं गेलं आणि क्रीडा खातं मिळालं. त्यांचं म्हणणं शब्दशः खरं मानलं, तरी निष्कर्ष गंभीर आहे. मंत्र्याच्या मोबाइलवर रमीची जाहिरात न बोलावता येत असेल, तर सातवीतल्या पोराच्या टॅबवर काय काय येत असेल! 2023 च्या डेटा संरक्षण कायद्यानं अठरा वर्षांखालच्या मुलांवर पाळत ठेवून जाहिराती दाखवायला मनाई केली. नियम यायला नोव्हेंबर 2025 उजाडला आणि अंमल टप्प्याटप्प्यानं व्हायचा आहे. एवढ्या काळात लहानाचं मोठं झालेल्या पोराला हा उशीर कोण भरून देणार?

मग गेम टाकायचेच नाहीत का? टाकायचे. खेळ हा लेकराचा हक्क आहे आणि टॅबवर चांगले खेळ आहेत. जीकॉम्प्रिसमध्ये लहान मुलांसाठी आकडे, अक्षरं, चित्रं, कोडी असे शंभरावर खेळ आहेत. पैसे नाहीत, जाहिराती नाहीत. स्क्रॅचज्युनियरमध्ये पाच-सात वर्षांचं लेकरू स्वतःची गोष्ट आणि स्वतःचा गेम बनवतं. लिचेसवर बुद्धिबळ फुकट आहे आणि एकही जाहिरात नाही. जुलै 2025 मध्ये नागपूरची दिव्या देशमुख बटुमीला महिलांचा विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर झाली. तिचं वय 19. विदर्भातल्या कुठल्याही पोरीच्या टॅबमध्ये पहिला गेम कोणता असावा, याचं उत्तर तिनं पटावर देऊन ठेवलंय. कुठलाही नवा गेम आधी नेट बंद करून उघडून पाहा. नेट नसताना चालला, तर त्या गेमला तुमच्या पोराच्या मागावर राहायची गरज नाही, एवढं बरंचसं कळतं.

आणि 'व्यसन' हा शब्द जपून वापरा. जागतिक आरोग्य संघटनेनं खेळाच्या विकाराची नोंद केली आहे, पण त्याच्या खुणा कडक आहेत. खेळण्यावर ताबा राहत नाही, जेवण, झोप, शाळा सगळं मागे पडतं, नुकसान दिसत असूनही थांबता येत नाही, आणि हे साधारण वर्षभर चालतं. असं असेल तर डॉक्टरकडे जा. मे महिन्याच्या दुपारी दोन तास टॅबवर खेळणारं पोरगं आजारी नाही. त्याला दुसरीकडे जायला जागा नाही.

इथं पाचवा जाब सुरू होतो आणि तो आपल्या सगळ्यांना आहे. घुग्घुसचं पोरगं टॅब ठेवून बाहेर गेलं, तर खेळणार कुठं? मे महिन्यात इथला पारा 46-47 वर जातो. वर्धा नदीच्या काठच्या या गावात कोळशाच्या खाणी आहेत, सिमेंटचा कारखाना आहे, लोखंडाचा कारखाना आहे. कोळसा बाहेर जातो, सुरजागडचं लोहखनिज आत येतं, आणि दोन्हीचे ट्रक त्याच रस्त्यांवरून धावतात ज्यावर लेकरानं सायकल शिकायची. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळानं 2009 मध्ये देशातल्या अतिप्रदूषित औद्योगिक पट्ट्यांची यादी काढली. त्यात चंद्रपूरचा पट्टा 83.88 गुणांसह चौथा होता आणि त्या पट्ट्यात घुग्घुस होतं. 26 ऑगस्ट 2022 ला अमराई वॉर्डातलं एक अख्खं घर जमिनीत खोल गेलं. खाली जुनी भूमिगत खाण होती. माणसं वेळेत बाहेर पडली म्हणून वाचली, आजूबाजूच्या कितीतरी कुटुंबांना घरं सोडावी लागली. पायाखालची जमीन, डोक्यावरची हवा आणि समोरचा रस्ता, तिन्हींची हमी ज्या गावाला देता येत नाही, त्या गावानं "मैदानावर जा, टॅब काय घेऊन बसलास" असं पोराला सांगताना आधी मैदान दाखवलं पाहिजे.

पैसा नाही हे कारण मी मान्य करणार नाही. 2015 च्या कायदादुरुस्तीनं प्रत्येक खाणजिल्ह्यात खनिज प्रतिष्ठान आलं. खाणवाल्यांनी त्यात पैसा भरायचा आणि तो खाणबाधित लोकांसाठी वापरायचा. शिक्षण, आरोग्य, बालकल्याण ही त्यातली अग्रक्रमाची कामं आहेत. 2013 च्या कंपनी कायद्यानं मोठ्या कंपन्यांवर नफ्यातले दोन टक्के समाजासाठी खर्च करायचं बंधन घातलं आणि त्या यादीत खेळाचं प्रशिक्षण आहे. चंद्रपूर जिल्ह्याच्या पोटातून निघालेल्या कोळशावर देशाचे दिवे लागतात. त्यातला थोडा उजेड घुग्घुसच्या एका मैदानावर पडला पाहिजे. प्रत्येक वॉर्डापासून चालत जाता येईल असं मैदान, भोवती झाडं, ट्रकांच्या रस्त्यापासून लांब. ऊन उतरल्यावर खेळता यावं म्हणून दिवे. मुलींना संध्याकाळी बिनघोर जाता यावं म्हणून राखणदार. आणि उन्हाळ्याच्या दुपारसाठी गार हवेची एक मोठी खोली: कॅरम, बुद्धिबळ, पुस्तकं आणि हो, टॅबसुद्धा.

नगर परिषदेनं ही मागणी ठरावात आणावी, कारखान्यांनी आणि कोळसा कंपनीनं त्याला जागा आणि पैसा द्यावा, आणि दरवर्षी काय झालं ते गावासमोर वाचून दाखवावं. हे होईपर्यंत पोराच्या हातातला टॅब हिसकावण्याचा हक्क आपल्यापैकी कुणालाच नाही. त्याच्या शेजारी बसून, त्याचं ऐकून, त्याच्याबरोबर गेम निवडण्याचं काम मात्र कुठल्याही ठरावाची वाट न पाहता आज रात्री करता येतं. ते आपण केलंच पाहिजे.