रुसावं तर कारुसोसारखं

रुसणं सोपं, रुसवा टिकवणं महाकठीण. लग्नात रुसलेला जावईसुद्धा जिलबीचं ताट समोर आलं की निवळतो. म्हणूनच एन्रिको कारुसो या इटालियन गायकाच्या आवाजाइतकाच त्याच्या रुसव्याबद्दलही मला आदर आहे. हा गृहस्थ जवळजवळ वीस वर्षं रुसून राहिला, तोही स्वतःच्या जन्मगावावर.

1873 साली नेपल्समधल्या गरीब घरात तो जन्मला. वडील मेकॅनिक, पोरानंही हातात पाना धरावा, ही त्यांची अपेक्षा. पोरगा मात्र चर्चमध्ये, कॅफेंमध्ये गाऊन चार पैसे मिळवू लागला. पुढे मिलानच्या ला स्काला रंगमंदिरानं त्याला डोक्यावर घेतलं आणि 1901 च्या अखेरीस तो नेपल्सच्या सान कार्लोत उभा राहिला. गावचा मुलगा नाव काढून आलाय म्हटल्यावर दुसरं कुठलंही गाव हरखलं असतं. पण तिथल्या जाणकार मंडळींची आधी घरी जाऊन मनधरणी करावी लागे म्हणे, आणि ती यानं केली नव्हती. टाळ्या बेताच्याच पडल्या, टीका मात्र सढळ हातानं झाली. कारुसोनं ठरवलं, नेपल्समध्ये पुन्हा गाणार नाही. यायचंच झालं तर फक्त स्पॅगेटी खायला येईन.

ही प्रतिज्ञा त्यानं शेवटपर्यंत पाळली. मला कौतुक आहे ते तिच्यातल्या सवलतीचं. रागाच्या भरात माणसं पहिल्यांदा ताट दूर सारतात आणि रात्री उपाशीपोटी कूस बदलत बसतात. यानं गाणं वर्ज्य केलं, जेवण चालू ठेवलं. अन्नावर राग काढू नये, हे आपल्या आज्यांचं शहाणपण या माणसाला नेपल्समध्ये बसून कळलं होतं.

गंमत म्हणजे ही प्रतिज्ञा त्याच्याही नकळत दुबळी झाली. एप्रिल 1902 मध्ये फ्रेड गायसबर्ग नावाचा ध्वनिमुद्रक मिलानला आला. कारुसोनं दहा गाण्यांचे शंभर पौंड मागितले. लंडनच्या कचेरीनं तारेनं कळवलं, एवढे द्यायचे नाहीत. गायसबर्गनं तार बाजूला ठेवली आणि हॉटेलच्या खोलीतच कर्णा लावला. (त्याच वर्षी कलकत्त्यात गौहर जानचा आवाज मुद्रित करणारा हाच गायसबर्ग.) त्या काळच्या यंत्रात भले भले आवाज चिरके व्हायचे, कारुसोचा भरदार आवाज मात्र तबकडीला मानवला आणि घरोघर पोचला. आता नेपल्समध्येही कुणी चावी फिरवली की रुसलेले बुवा मुकाट्यानं गाऊ लागत! एकदा झालं की पुन्हा. पहिल्या रात्री नाकं मुरडणाऱ्यांपैकी कुणी घरी दार लावून ऐकलंच नसेल, असं मला वाटत नाही.

सॅन फ्रान्सिस्कोवरही त्यानं असाच बहिष्कार टाकला. 1906 मध्ये तो तिथे ‘कार्मेन’मध्ये गायला आणि दुसऱ्या दिवशी पहाटे भूकंपानं शहर कोसळलं. तो वाचला, पण पुन्हा तिकडे फिरकला नाही. त्या बिचाऱ्या शहराचा यात काय दोष?

एरवी माणूस खुनशी नव्हता. स्वतःची अर्कचित्रं काढून स्वतःच हसायचा. 1913 साली फिलाडेल्फियात सहकाऱ्याचा आवाज ऐन प्रयोगात बसला, तेव्हा प्रेक्षकांकडे पाठ करून त्याच्या वाटचं खर्जातलं गाणंही यानंच गाऊन टाकलं, अशी कथा आहे. असा माणूस गावावर एवढा रुसला, कारण बाहेरच्यांची टीका अंगाला लागते, घरच्यांची मनाला.

न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन ऑपेरात आठशेहून अधिक वेळा गायलेला हा माणूस आजारी पडल्यावर मायदेशी परतला आणि ऑगस्ट 1921 मध्ये, अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, नेपल्समध्येच गेला. अंत्ययात्रेला गाव लोटलं. दोन्ही बाजूंनी हट्ट पुरा झाला: त्यानं गाण्यासाठी तोंड उघडलं नाही, आणि गावानं त्याला परका म्हटलं नाही. रुसव्याचा याहून सभ्य निकाल माझ्या तरी ऐकिवात नाही.